पेशंट कोण?

आईने त्या सकाळी माझी वेणी घालताना एकदाही केस ओढले नाहीत, तेव्हाच माझ्या मनात पाल चुकचुकली. एरवी तिच्या हातात कंगवा आला की माझ्या डोळ्यांत पाणी ठरलेलं. त्या दिवशी तिने तेल कोमट करून लावलं, गुंता बोटांनी सोडवला आणि वर विचारलं, "शिरा करू का गं तुला?" दिवाळी होऊन गेली होती. घरात कुणाचा वाढदिवस नव्हता, पाहुणे येणार नव्हते, आणि वार शाळेचा होता. शिऱ्याचं कारण मला कुठंच दिसेना.

मी तेव्हा तिसरीत होते. आमचं घर वडिवळ्यात, धरणाच्या खालच्या अंगाला. पप्पा आंबीच्या एका कंपनीत मशीनवर होते, आणि शिफ्ट संपली की शेतात. भाताची झोडणी उरकली होती. तरी त्यांनी त्या दिवशी सुट्टी टाकली होती, हेही मला पटलं नाही.

"आपन लोनावळ्याला जाऊ," पप्पा म्हणाले. "माजी दाढ लय ठनकतीया. डॉक्टरला दावायची हाय. तू चल बरुबर. एकट्याला भ्या वाटतं."

मी त्यांच्याकडे नुसती बघत राहिले. त्यांचं बोट जरी कापलं तरी अख्ख्या आळीला कळायचं, असा त्यांचा स्वभाव. दाढ ठणकत असती तर घरात कुणाला झोप लागली नसती. ठणकणारी दाढ कशी असते ते मला चांगलंच माहीत होतं, कारण ठणकत होती ती माझी.

वरची, डाव्या बाजूची. दिवाळीच्या आधीपासून. मी कुणाला बोलले नव्हते, कारण माझ्या चुलत बहिणीने मला सांगून ठेवलं होतं की वरचा दात काढला की डोळा जातो. डोळ्याच्या आणि दाताच्या शिरा आतून एकच असतात म्हणे. तिच्याकडे पुरावाही होता. कामशेतच्या बाजारात एका डोळ्याचा लसूणवाला बसायचा, त्याची म्हणे दाढ काढली होती. तेव्हापासून मी उजव्या बाजूने जेवत होते, आणि दुखायला लागलं की पाण्याच्या तांब्याला गाल लावून बसत होते. उन्हाळा नसताना पोर तांब्याला का चिकटते, हे कुणाच्या लक्षात आलं नसेल असं मला वाटत होतं.

पण आदल्या आठवड्यात आई शेजारच्या मावशींना सांगत होती, "त्या दाढंचं कायतरी केलं पायजे, न्हाईतर आतनं सडंल." आमच्याकडे भाताची रोपं वाढवतात त्या वाफ्यालाही दाढच म्हणतात, त्यामुळे मी आधी निर्धास्त होते. मग लक्षात आलं, हे काही रोपांचे दिवस नव्हेत.

म्हणजे कुठंतरी पाणी मुरत होतं. तरी मी नाही म्हणू शकत नव्हते. नाही म्हटलं असतं तर का ते सांगावं लागलं असतं. मी शिरा खाल्ला, उजव्या बाजूने. आई समोर बसून माझ्या जबड्याकडे बघत होती, आणि आपण बघत नाही असं दाखवत होती.

आई गोठ्यातलं आवरायला घरी थांबली. आम्ही दोघं पप्पांच्या मोटारसायकलवरून निघालो. कामशेतवरून जुना हायवे लागला तसे पप्पा बोलत सुटले. परतताना तुंगार्लीचं तळं दाखवतो, आइस्क्रीम खाऊ, तुला नवीन दप्तर घ्यायचंय का. गाडी चालवताना हा माणूस कधी बोलायचा नाही. मी मागून हूं हूं करत होते आणि एकेक गोष्ट मनात ठेवत होते.

वाटेत एका फाट्यावर त्यांनी गाडी थांबवली. टपरीवाल्याला काही सांगावं लागलं नाही. त्याने इकडेतिकडे बघितलं, फळीखाली हात घातला आणि एक पुडी पुढे केली. पप्पांनी ती दातांनी फाडून तोंडात रिकामी केली.

"आईला सांगू नगंस."

"तुमची दाढ ठणकते ना? मग सुपारी कशी चावता?"

"दुसऱ्या अंगानं चावतो," पप्पा म्हणाले आणि गाडीला किक मारली.

लोणावळ्याच्या बाजारात तो दवाखाना होता, एका चिक्कीच्या दुकानाच्या वर. जिन्यावर गुळाचा पाक झाल्याचा वास भरून राहिला होता. खाली लोकांना चिक्की विकायची आणि वर त्यांचे दात काढायचे, म्हणजे यांचं नक्की साटंलोटं असणार, असं मला तिथंच वाटलं. दुकानाच्या गल्ल्यावरचा माणूस आम्हाला बघून हसलाही.

वर बसायला बाक होता, माशांची काचेची पेटी होती, आणि एक बंद दार. दारामागून घरघर असा आवाज यायचा, थांबायचा, पुन्हा यायचा. माझ्याएवढी एक मुलगी आईचा हात धरून आत गेली. घरघर झाली, थांबली. बराच वेळ गेला. ती मुलगी काही बाहेर आली नाही, आणि दारातून पुढच्याच माणसाला हाक आली. त्या खोलीला मागच्या बाजूने दुसरा जिना होता, हे मला नंतर कळलं. तेव्हा मी फक्त एवढंच बघितलं की आत गेलेलं माणूस परत येत नाही.

मग तोंडाला मास्क लावलेल्या एक मावशी बाहेर आल्या. मास्कमुळे त्या हसतायत की नाही तेही कळत नव्हतं.

"पेशंट कोण?"

"मीच की," पप्पा म्हणाले.

मी माशांकडे बघत होते. पेटीच्या काचेत मागचं सगळं दिसत होतं. पप्पांनी माझ्या डोक्यावरून हात नेऊन बोटाने खाली माझ्याकडे दाखवलं, आणि मावशींनी मान हलवली.

मला राग आला नाही. उलट बरं वाटलं. सकाळपासून मी जे जे धरून ठेवलं होतं ते सगळं खरं निघालं होतं.

आतल्या डॉक्टर आईच्या वयाच्या होत्या. त्यांनाही सगळं ठाऊक होतं, हे त्यांच्या गोड आवाजावरून कळत होतं. "तू इथं स्टुलावर बस हं. आपण आधी पप्पांची दाढ बघू. म्हणजे तुला कळेल, यात घाबरण्यासारखं काही नसतं."

पप्पा त्या लांबलचक खुर्चीवर ऐटीत आडवे झाले. वरचा दिवा लागला.

"मोठा आ करा."

पप्पांनी आ केला.

"अजून मोठा."

"येवडाच व्हतो," पप्पा तसेच बोलले.

"मुलीसमोर लाजू नका," असं म्हणून डॉक्टर हसल्या आणि दिवा खाली ओढला. मग त्यांचं हसू गेलं. मास्कवरचे डोळे तेवढे दिसत होते, आणि मी आल्यापासून त्या डोळ्यांवरचं लक्ष काढलं नव्हतं, म्हणून मला ते कळलं. त्यांनी छोट्या आरशाने पप्पांचा एक गाल आतून ताणून बघितला, मग दुसरा. पुन्हा पहिला. मग पप्पांना स्वतःची बोटं उभी धरून दातांमध्ये घालायला सांगितली. दोन कशीबशी गेली, तिसरं जाईना.

"कधीपासून आहे असं?"

"कसं?"

"तोंड उघडत नाहीये तुमचं."

"जलमापासनं तसंच आसंल."

"तिखट झोंबतं का?"

"छ्या. आमी मावळातली मान्सं, तिखटाला काय भ्यायचं?"

"झोंबतं," मी म्हणाले.

दोघांनी माझ्याकडे बघितलं. मी स्टुलावरून उतरून खुर्चीजवळ गेले. "ठेचा खात नाहीत. आई त्यांचं कालवण आधी काढून ठेवते, मग आमच्यात चटणी घालते. भाकरी दुधात कुस्करतात. वडापाव पण तोडून तोडून खातात." हे सगळं मी कितीतरी महिने बघत होते. आई त्यांचे लाड करते असं मला वाटायचं आणि वाईटही वाटायचं.

डॉक्टरांचा गोड आवाज आता साधा झाला. "पुडी खाता?"

"कवातरी. कुनी दिली तर."

"आत्ता फाट्यावर खाल्ली," मी म्हणाले.

पप्पांनी डोळे मिटून घेतले. दिव्याचा उजेड त्रास देतोय असं त्यांनी दाखवलं.

"बाळ," डॉक्टर म्हणाल्या, "तू जरा बाहेर बसतेस का?"

आतापर्यंत सगळे मला आत न्यायला धडपडत होते, आणि आता बाहेर पाठवत होते. सकाळपासूनच्या कुठल्याच गोष्टीचा मला एवढा संशय आला नव्हता. मावशींनी हात धरून मला बाकावर बसवलं. दार मात्र पुरतं लागलं नव्हतं. मी माशांकडे तोंड केलं आणि कान दाराकडे. शब्द तुटक येत होते. पांढरा चट्टा. छोटा तुकडा काढून तपासायला. तळेगावला. उशीर नको. मग पप्पांचा आवाज, इतका हळू की त्यांचा वाटेना. "घरी न्हाई सांगायचं, मॅडम. बायको जिवाला घोर लावून घेईल."

तुकडा. पप्पांचा तुकडा काढणार. कुठला ते कळेना.

पप्पा बाहेर आले तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावरचा रंग धुऊन गेल्यासारखा झाला होता. त्यांनी हेल्मेट उचललं. "चल. घरी जाऊ."

मागोमाग डॉक्टर आल्या. "अहो, आणि हिची दाढ? तुम्हीच तर फोन केला होता ना?"

"फुडच्या वेळंला बघू."

सकाळपासून मला हेच हवं होतं. दोन्ही डोळे शाबूत ठेवून जिना उतरायचा आणि घर गाठायचं. पण पप्पांची फुडची वेळ मला माहीत होती. गोठ्याचे पत्रे फुडच्या वेळंला बदलणार होते, ते अजून गळत होते. पप्पा आता इथून उतरले तर पुन्हा कधी चढणार नाहीत, घरी काही सांगणार नाहीत, आणि उद्या पुन्हा त्या टपरीवर थांबतील. त्यांना नक्की काय झालंय ते मला कळलं नव्हतं. पण डॉक्टरांचे डोळे मी बघितले होते.

"मी बसते खुर्चीत," मी म्हणाले. आवाज माझाच होता, पण मला तो लांबून आल्यासारखा वाटला. "पण मग पप्पांनी पण तुकडा द्यायचा. तळेगावला जाऊन."

"कोन म्हनलं तुकडा?"

"मी ऐकलं."

बाकावर बसलेले आजोबा आणि त्यांची सून, दोघांनी आमच्याकडे बघितलं. पप्पा हेल्मेट मांडीवर घेऊन खाली बसले. डॉक्टरही दारातच थांबून राहिल्या. शेवटी पप्पांनी मान हलवली.

"मान नको. तोंडानं सांगा."

"व्हय," पप्पा म्हणाले. "जाईन."

खुर्ची माझ्यासाठी फार लांब होती, पाय मधेच संपत होते. पप्पा भिंतीला टेकून उभे राहिले. डॉक्टरांनी दिवा लावला आणि मी दोन्ही हातांनी तोंड झाकलं.

"आधी सांगा. डोळा जातो का?"

त्या हसल्या नाहीत. कशामुळे जाईल असं वाटतं ते विचारलं, मी लसूणवाल्याचं सांगितलं. "डोळ्याची शीर वेगळी, दाताची वेगळी," त्या म्हणाल्या. "दाढ काढल्यामुळे डोळा जात नाही."

"मग त्याचा कसा गेला?"

"ते मला नाही माहीत. मी त्याला बघितलेलं नाही. न बघता मी कसं सांगू?"

त्या दिवशी मला मिळालेलं हे पहिलं उत्तर होतं ज्यात कुणी माहीत नाही असं म्हणालं. मी एक हात काढला.

"दुखेल?"

"सुई दुखेल. मुंगळा कचकन चावतो ना, तशी. नंतर ओढल्यासारखं वाटेल, पण दुखणार नाही. आणि दुखलं तर हा हात वर कर. मी थांबेन."

त्यांनी आरसा तोंडाजवळ आणला. मी हात वर केला. त्या थांबल्या. पुन्हा आणला, मी पुन्हा हात वर केला. त्या पुन्हा थांबल्या. मावशी हसायला लागल्या. मी आणखी एकदा करून बघितलं. डॉक्टर तेव्हाही थांबल्या, आणि कंटाळल्या नाहीत. मग मी तोंड उघडलं.

सुई मला दाखवा म्हटलं. लहान मुलांना त्या दाखवत नाहीत असं म्हणाल्या, पण हलणार नाही असं कबूल करून घेऊन दाखवली. मुंगळा चावला. माझे पाय खुर्चीवर ताठ झाले, डोळ्यांतून पाणी कानात गेलं. हात मात्र मी वर केला नाही, कारण त्यांनी सांगितलं होतं तेवढंच दुखलं होतं. थोड्या वेळाने ओठ माझा राहिला नाही. मी तो चिमटीत धरून बघितला, दुसऱ्या कुणाचा तरी धरल्यासारखा. मग डोक्याच्या आत कर्र असा आवाज झाला, सुकलेली काटकी मोडावी तसा, आणि डॉक्टरांनी काहीतरी ट्रेमध्ये टाकलं.

मी आधी उजवा डोळा झाकून डाव्याने भिंतीवरचं कॅलेंडर बघितलं. दिसत होतं. मग दाढ मागितली आणि दिव्याखाली फिरवून फिरवून बघितली. एका बाजूला काळं भोक होतं.

"कीड कुठंय?" माझ्या तोंडून ते भलतंच काहीतरी बाहेर आलं, पण डॉक्टरांना कळलं.

"कीड म्हणजे किडा नसतो गं. दात कुजतो, त्याला आपण कीड म्हणतो."

हे मला पटायला वेळ लागला. ती आत पळून गेली असेल असं मला पुढचे कितीतरी दिवस वाटत होतं.

परतीच्या वाटेवर पप्पा एक शब्द बोलले नाहीत. तळं नाही, आइस्क्रीम नाही, मी आठवणही केली नाही. तोंडात कापसाचा बोळा दाबून धरला होता. फाटा जवळ आला तशी गाडी हळू झाली. मी मागून हात घालून त्यांच्या शर्टाचा खिसा मुठीत पकडला. गाडी पुन्हा वेगात निघाली.

आई अंगणातच उभी होती. "काय म्हनल्या डॉक्टरीनबाई?"

"काढली हिची दाढ. रडली न्हाई."

"आन् तुमची?" आईने माझ्या डोक्यावरून त्यांना डोळा घातला. तो मला आता उघड दिसत होता.

"माजी बरी हाय," पप्पा म्हणाले आणि हातपाय धुवायला मोरीकडे वळले.

"थुकडा," मी म्हणाले. "थळेगाव!"

"भाकरीचा तुकडा? आत्ता नगं बाय, रगत थांबू दे."

मी बोळा थुंकला. काढू नको असं डॉक्टरांनी बजावलं होतं, तरी थुंकला. हनुवटीवर ओघळ आला. तशाच अवस्थेत मी आईला सगळं सांगितलं, टपरी, बोटं, चट्टा, तळेगाव, आणि घरी सांगू नका म्हणालेले तेही. आई ओरडेल असं मला वाटलं होतं. ती पायरीवर खाली बसली. पदराने आधी माझी हनुवटी पुसली. मग मोरीच्या दिशेने बघत म्हणाली, "उद्याच जायाचं. मी येनार हाय संगं."

ते गेले. तळेगावच्या दवाखान्यात त्यांच्या गालाच्या आतला तुकडा काढला, टाका घातला. मग रिपोर्टची वाट बघायची होती. त्या दिवसांत घरात मी आले की बोलणं थांबायचं. आई फोन घेऊन परसात जायची. पप्पा पेज पिऊन नुसते ओट्यावर बसायचे, आणि बैलही त्यांच्याकडे वळून बघायचे असं मला वाटायचं. रिपोर्ट आला तेव्हा सगळे म्हणाले, "काय न्हाई निघालं." काय न्हाई, तर आई देवासमोर बसून रडत का होती? मी कागद मागितला, पण तो इंग्रजीत होता.

म्हणून दाढेची जागा दाखवायला गेले तेव्हा डॉक्टरांनाच विचारलं. त्यांनी आईकडे बघितलं, आईने हो म्हटलं, मग त्यांनी सांगितलं. सगळे घाबरतात तो रोग नाही. अजून नाही. पण सुपारीने गाल आतून कडक झालाय, आणि पुडी सुटली नाही तर पुढे तो होऊ शकतो. "अजून नाही," मी घरी येईपर्यंत तेवढंच घोकत होते.

पुडी सहज सुटली नाही. मी पप्पांच्या शर्टाचा वास घ्यायचे, खिसे उलटे करायचे. पप्पा मला फौजदार म्हणायला लागले. आधी हसून, मग चिडून. एकदा गाडीच्या डिकीत, पुसायच्या फडक्याखाली मला पुडी सापडली. मी आईला सांगितलं नाही. जेवायला वाढलं तेव्हा ती त्यांच्या ताटात, भाकरीच्या कडेला ठेवली. आई चुलीपाशी पाठमोरी होती. पप्पांनी पुडीकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, आणि ती उचलून ताटावरून उठले. मला वाटलं, आता मारतील. ते अंधारात गोठ्याकडे गेले. परत आले तेव्हा हातात काही नव्हतं आणि डोळे लाल होते. पुन्हा ताटावर बसून जेवले. त्यानंतरही एकदा त्यांनी खाल्ली, मला वासावरून कळलं. मग मात्र नाही.

तोंड उघडण्यासाठी त्यांना आइस्क्रीमच्या चपट्या काड्यांची थप्पी दातांत धरून बसायचं होतं. काही दिवस गेले की थप्पीत एक काडी वाढवायची. पप्पा संध्याकाळी टीव्हीसमोर तशी थप्पी धरून बसायचे, लाळ गळायची, आणि कुणी हाक मारली की ओ देता यायची नाही. गल्लीतली पोरं हसायची. मीही हसायचे. ते मला हाताने मारायची खूण करायचे. तोंड थोडं उघडायला लागलं, पण पूर्ण उघडलं नाही, आजही उघडत नाही. तिखट त्यांना जपूनच खावं लागतं.

मी आता नोकरीसाठी पुण्यात राहते. पप्पा दर काही महिन्यांनी लोणावळ्याला जाऊन तोंड दाखवून येतात, एकटेच. डॉक्टर त्याच आहेत, केस पांढरे झालेत. त्या दिवशी संध्याकाळी मी फोन करते. पप्पा म्हणतात, "काय न्हाई, समदं बरं हाय." मी बरं म्हणते, फोन ठेवते आणि लगेच डॉक्टरांना लावते. त्या काय म्हणतात ते ऐकून घेते आणि दोघांचं जुळतंय का ते बघते. आजवर जुळलंय.